एका उत्सवाची तीन नावे

दफ्तरी एखाद्या गावाचे नाव बदलले, की वेशीवर नवी पाटी लागते, टपालाचे शिक्के बदलतात, दाखल्यांवर नवे नाव चढते; परंतु गावातील माणसे मात्र बराच काळ जुन्याच नावाने परस्परांना पत्ता सांगत राहतात. अमेरिकेतील दूरचित्रवाणीच्या आरंभकाळात एका करमणुकीच्या कार्यक्रमाचे असेच नामांतर झाले, आणि तेही एकदा नव्हे, दोनदा. जानेवारी १९५५ मध्ये तो ‘ओझार्क ज्युबिली’ या नावाने एबीसी या राष्ट्रीय प्रक्षेपण संस्थेच्या जाळ्यावर अवतरला, जुलै १९५७ मध्ये ‘कंट्री म्युझिक ज्युबिली’ झाला, आणि ऑगस्ट १९५८ मध्ये ‘ज्युबिली यूएसए’. ज्युबिली म्हणजे उत्सव. तो शब्द तिन्ही पाट्यांवर कायम राहिला. त्याच्या सोबतचे शब्द मात्र पालटत गेले : प्रथम एका डोंगराळ मुलुखाचे नाव होते, मग एका संगीतप्रकाराचे, आणि अखेरीस साऱ्या राष्ट्राचे. पाटी जसजशी मोठी होत गेली, तसतसे तिच्यावरील गाव पुसट होत गेले. त्या पुसट होण्याचा हिशेब मांडणे हा या लेखाचा उद्देश आहे.

ओझार्क हा मिसूरी राज्याचा दक्षिण भाग आणि आर्कान्सा राज्याचा उत्तर भाग व्यापणारा टेकड्यांचा, झऱ्यांचा आणि चुनखडीच्या गुहांचा मुलूख. एकोणिसाव्या शतकात टेनेसी, केंटकी यांसारख्या पूर्वेकडील डोंगराळ प्रांतांतून जी कुटुंबे येथे येऊन स्थिरावली, त्यांच्यापैकी अनेकांचे पूर्वज स्कॉटलंड, उत्तर आयर्लंड आणि इंग्लंड येथून आलेले होते. जमीन खडकाळ, वाटा अवघड आणि बाजारपेठा दूर, अशा स्थितीत पूर्वजांकडून आलेली कथागीते, फिडलवरील गती आणि शेकोटीभोवतीच्या गोष्टी हेच त्यांचे करमणुकीचे भांडवल होते. फिडल म्हणजे आपले व्हायोलिनच. वाद्य तेच, परंतु वाजविण्याची रीत आणि भोवतालची बैठक निराळी. बँजो हे दुसरे प्रिय वाद्य तर आफ्रिकेतून गुलाम म्हणून आणलेल्या लोकांच्या परंपरेतून या संगीतात आलेले. व्हॅन्स रँडॉल्फ या संग्राहकाने वर्षानुवर्षे हिंडून जमविलेली या मुलखातील गाणी १९४६ ते १९५० या काळात चार खंडांत प्रसिद्ध झाली, यावरून त्या ठेव्याचा विस्तार ध्यानी यावा.

शहरी अमेरिकेच्या लेखी मात्र असे गीत गाणारा माणूस ‘हिलबिली’ होता. डोंगरातला अडाणी, अनवाणी, आळसावलेला आणि चोरून दारू गाळणारा, असे त्याचे एक ठरीव व्यंगचित्र वृत्तपत्रांतून आणि चित्रपटांतून रूढ झालेले होते, आणि ध्वनिमुद्रिकांच्या व्यापारातही गावाकडील गाण्यांना बराच काळ याच शब्दाने संबोधले जात असे. ‘बिलबोर्ड’ या व्यापारी साप्ताहिकाने १९४९ मध्ये आपल्या याद्यांसाठी ‘कंट्री अँड वेस्टर्न’ हे नाव स्वीकारले, तेव्हा कोठे ज्यात चिडवल्याचा सूर नाही, असे नाव या संगीताला मिळाले.

हे संगीत आणि त्याच्या जोडीचा विनोद दूरचित्रवाणीवर येण्याआधी तीस वर्षे नभोवाणीवर नांदत होते. धान्याच्या कोठारात शेजारीपाजारी जमून नाचगाणे करण्याची जी जुनी ग्रामीण चाल, तिला ‘बार्न डान्स’ म्हणत. तेच नाव घेऊन शिकागोच्या डब्ल्यूएलएस केंद्राने १९२४ मध्ये शनिवार रात्रीचा एक कार्यक्रम सुरू केला. पुढच्याच वर्षी नॅशव्हिलच्या डब्ल्यूएसएम केंद्राने तसाच कार्यक्रम आरंभिला. त्या काळच्या केंद्रांची आद्याक्षरी नावे म्हणजे मालकांच्या जाहिरातीच असत. डब्ल्यूएलएसमध्ये ‘जगातील सर्वांत मोठे दुकान’ दडलेले होते, कारण ते केंद्र सिअर्स या व्यापारी पेढीने स्थापिले होते. डब्ल्यूएसएममध्ये ‘आम्ही लक्षावधींना संरक्षण देतो’ अशी ग्वाही होती, कारण तेथे मालक विमा कंपनी होती. नॅशव्हिलच्या कार्यक्रमाचे नाव कसे पडले, ही गोष्ट तर मासलेवाईक आहे. १९२७ च्या अखेरीस एके रात्री भारदस्त पाश्चात्त्य अभिजात संगीताच्या कार्यक्रमामागोमाग आपली पाळी आली, तेव्हा निवेदक जॉर्ज हे याने, आतापर्यंत आपण ‘ग्रँड ऑपेरा’ ऐकलात, आता ‘ग्रँड ओल ऑप्री’ ऐका, अशा आशयाची कोटी केली, आणि ऑपेरा या शब्दाचा खेडवळ उच्चार त्या कार्यक्रमाला कायमचा चिकटला. कोणी हसण्याआधी स्वतःच हसून घ्यावे, आणि हसता हसता समोरच्याच्या भारदस्तपणाची टोपीही थोडी वाकडी करावी, हा गावाकडील विनोदाचा मूळ डाव त्या एका नावात पुरेपूर उतरला आहे.

स्प्रिंगफील्ड या मिसूरीतील शहरात १९३३ साली जे केंद्र निघाले, त्याचे नाव केडब्ल्यूटीओ. ‘ओझार्ककडे लक्ष असू द्या’ या अर्थाच्या चार इंग्रजी शब्दांची ती आद्याक्षरे. येथे दुकानाची किंवा विम्याची नव्हे, मुलुखाचीच जाहिरात होती. राल्फ फॉस्टर हे त्याचे चालक, आणि साय सायमन हे त्यांचे उद्योगी सहकारी. पोर्टर वॅगनर हा मिसूरीतीलच वेस्ट प्लेन्स गावचा, खाटकाच्या दुकानात काम करणारा तरुण पुढे प्रख्यात गायक झाला, त्याला १९५१ मध्ये या केंद्राने जवळ केले. चेट ॲटकिन्ससारखा गिटारवादकही नॅशव्हिलला जाण्यापूर्वी येथे वाजवून गेला होता. स्थानिक दूरचित्रवाणी केंद्रावरून १९५३ च्या डिसेंबरात ‘ओझार्क ज्युबिली’ या नावाचा कार्यक्रम दिसू लागला, तेव्हा तो साऱ्या देशाला दाखविता येईल, अशी महत्त्वाकांक्षा सायमन यांनी धरली. त्यासाठी त्यांना एक चेहरा हवा होता, आणि तो त्यांनी थेट नॅशव्हिलच्या अंगणातून आणला.

तो चेहरा रेड फोली यांचा. १९१० साली केंटकीत जन्मलेले फोली शिकागोच्या बार्न डान्समध्ये घडले होते, १९४६ पासून काही वर्षे ऑप्रीच्या राष्ट्रीय नभोवाणी प्रक्षेपणाचे सूत्रधार होते, आणि १९५० मध्ये बूटपॉलिश करणाऱ्या एका पोराविषयीच्या त्यांच्या गाण्याने ग्रामीण आणि शहरी अशा दोन्ही याद्यांत अग्रस्थान मिळविले होते. त्यांचा आवाज धीरगंभीर पण मऊ. बोलणे असे, की ओसरीवर बसून शेजाऱ्याशी बोलावे. नाटकी आविर्भाव नाही, घाई नाही. १९५४ मध्ये ते स्प्रिंगफील्डला आले, त्या वर्षी प्रथम एबीसीच्या नभोवाणीवरून आणि मग २२ जानेवारी १९५५ रोजी दूरचित्रवाणीवरून त्यांचा उत्सव देशभर पोहोचू लागला. तीन मोठ्या प्रक्षेपण संस्थांत एबीसी तेव्हा दुबळी होती. एनबीसी आणि सीबीएस यांच्याजवळ न्यूयॉर्कचे बडे विनोदकार आणि गायक असल्याने तिला असा प्रेक्षक शोधणे भाग होते, ज्याच्याकडे त्या दोघींचे लक्ष गेलेले नव्हते. मोठ्यांनी टाकून दिलेल्या रानात धाकट्याने नांगर घातला, असेच म्हणावयाचे.

या आरंभात एक गमतीची अडचण होती. समुद्रकाठापासून समुद्रकाठापर्यंत अमेरिकेला दूरचित्रवाणीने जोडणारी यंत्रणा १९५१ मध्ये पुरी झाली होती. परंतु तिचे मुख्य मार्ग मोठ्या शहरांमधून जात, आणि त्या मार्गांवरून चित्र घेण्याची सोय बहुतेक ठिकाणी झालेली असली, तरी स्प्रिंगफील्डसारख्या गावातून चित्र पाठविण्याची सोय मात्र झालेली नव्हती. म्हणजे स्प्रिंगफील्डला न्यूयॉर्क पाहता येई, न्यूयॉर्कला स्प्रिंगफील्ड पाहता येत नसे. ही केवळ तांत्रिक बाब असली, तरी खेडे आणि शहर यांच्यातील जुन्या व्यवहाराचेच ते यथार्थ चित्र होते. परिणामी पहिले चौदा आठवडे साऱ्या गायकांनी, वादकांनी आणि विदूषकांनी आपला बाडबिस्तारा उचलून रस्त्याने दीडशे मैलांहून दूर असलेल्या कोलंबिया या गावी मुक्काम करावा, तेथील विद्यापीठाच्या मालकीच्या केंद्रातून ‘ओझार्कच्या हृदयातून’ म्हणून कार्यक्रम सादर करावा, आणि परतावे, असा क्रम चालला. तारयंत्रणेचा बंदोबस्त झाल्यावर ३० एप्रिल १९५५ रोजी कार्यक्रम स्वगृही, स्प्रिंगफील्डच्या ज्युएल थिएटर या जुन्या चित्रपटगृहात आला.

त्या रात्रींचे स्वरूप आजच्या प्रेक्षकाला प्रयत्नपूर्वक डोळ्यांसमोर आणावे लागेल. हा सारा खेळ जिवंत प्रक्षेपित होत असे. चुकलेली तार, अडखळलेला शब्द, मध्येच सुटलेले हसू, सारे त्याच क्षणी लक्षावधी घरांत उमटत असे आणि दुरुस्त करण्याची मुभा नसे. कधी तासभर, कधी दीड तास चालणाऱ्या या कार्यक्रमात फोलींचे स्वागताचे गाणे, मग कोणा पाहुण्या गायकाची हजेरी, मग वाद्यवृंदाची एखादी द्रुत गत, मग विनोदी जोडीचा प्रवेश, मग नाच, अशी गुंफण असे, आणि पुष्कळदा रात्र मिटे ती भक्तिगीताने. शनिवारी रात्री नाचावे आणि रविवारी सकाळी चर्चमध्ये गावे, हा त्या मुलखाचा आठवड्याचा शिरस्ता त्या एका तासात संक्षेपाने सामावलेला असे. वेब पीअर्स, जीन शेपर्ड, हॉकशॉ हॉकिन्स, बॉबी लॉर्ड अशी त्या काळची कित्येक मातबर मंडळी या रंगमंचावर येऊन गेली. प्रेक्षकसंख्या नव्वद लाखांवर पोहोचली होती. मुंबईत दूरचित्रवाणी केंद्र सुरू झाले ते २ ऑक्टोबर १९७२ रोजी. म्हणजे ज्या वाचकांच्या पूर्वस्मृतीत चाळीतील एकमेव संचासमोर जमलेली गर्दी आहे, तिच्याही कितीतरी आधीचा हा काळ.

परंतु माझ्या मते या कार्यक्रमाचे खरे मर्म रंगमंचावर नव्हते. ते समोरच्या खुर्च्यांवर होते. ज्युएल थिएटरात बसलेली माणसे त्याच टेकड्यांतील आणि आसपासच्या गावांतील होती. गाण्यातील नदी त्यांनी पाहिलेली होती, विनोदातील चुलता त्यांच्या घरी होता. कलावंत गात आणि बोलत ते प्रथम या माणसांशी. न्यूयॉर्क किंवा शिकागो येथील प्रेक्षक हा जणू रस्त्याने जाता जाता खिडकीतून आत डोकावणारा वाटसरू होता. त्याने पाहावे, त्याला मज्जाव नाही. पण त्याच्यासाठी म्हणून घरातील बोलणे बदलायचे नाही. हसावे कोठे, हे खिडकीबाहेरच्या माणसाने नव्हे, तर आतल्या मंडळींनी ठरवायचे, आणि त्यांच्या हसण्यामागोमाग बाहेरच्याने हसायचे. ज्या शहराने ‘हिलबिली’ या शब्दात आपल्या हसण्याची जागा आधीच ठरवून ठेवली होती, त्याला येथे प्रथमच दुसऱ्याच्या तालावर हसावे लागले.

हे ध्यानी येण्यासाठी तेथील विनोदाची कुळकथा थोडी पाहिली पाहिजे. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात मध्य अमेरिकेतील लहान गावांमधून तंबू ठोकून नाटके करणाऱ्या फिरत्या मंडळ्या हिंडत असत, आणि त्यांच्या खेळांत टोबी नावाचे एक ठरलेले पात्र असे : तांबडे केस, चेहऱ्यावर ठिपके, अंगात न बसणारे कपडे, बोलणे बावळट; परंतु नाटकाच्या अखेरीस शहरातून आलेल्या लुच्च्या सावकाराला किंवा दलालाला उघडे पाडणारा तोच. म्हणजे वेष भोळ्याचा आणि बुद्धी पंचाची. ज्युबिलीतील ‘अंकल सिप’ हे पात्र रंगविणारे ब्रासफील्ड हे अशाच तंबूनाट्यात टोबीची सोंगे घेऊन मुरलेले नट. त्यांची पत्नी ‘आंट सॅप’ या नावाने त्यांच्या जोडीला उभी राही, आणि त्यांचा भाऊ रॉड ब्रासफील्ड हा ऑप्रीचा नामांकित विनोदकार. नवऱ्याने काहीतरी अगाध बोलावे, बायकोने ते एका वाक्यात जमिनीवर आणावे, आणि संसारातील हा जुनाच कज्जा पुढील शनिवारी पुनः सुनावणीस यावा, एवढ्यावर त्यांचा प्रवेश रंगत असे. लेनी आणि गू-गू ही दुसरी जोडी, पीट स्टँपर हा एकटाच उभा राहून बोलणारा तरुण. प्रत्येकाची तऱ्हा निराळी, पण कुळ एकच.

या सोंगाच्या मागचा माणूस सोंगासारखा असतोच असे नाही, ही गोष्टही विसरता कामा नये. ऑप्रीवर मिनी पर्ल या नावाने टोपीला एक डॉलर अठ्ठ्याण्णव सेंटची किंमतीची चिठ्ठी लटकती ठेवून येणारी ती खेडवळ बाई प्रत्यक्षात सारा ऑफिलिया कॉली नावाची, सुस्थितीतील घरात वाढलेली आणि उच्चभ्रू महाविद्यालयात नाट्यकला शिकलेली स्त्री होती. गावाकडे हिंडताना भेटलेल्या माणसांच्या लकबी तिने प्रेमाने टिपल्या होत्या. नवी टोपी घेतल्याच्या आनंदात किंमतीची चिठ्ठी काढायचे विसरलेल्या बाईला पाहून ज्यांना स्वतःची आई आठवते त्यांचे हसणे, आणि ज्यांना आपण तसे नाही याचे समाधान वाटते त्यांचे हसणे, यांत महदंतर आहे. पहिल्या हसण्यात माणूस त्या बाईशेजारी जाऊन बसतो. दुसऱ्यात तिच्यापासून दूर सरकतो. ज्युबिलीचे वैभव असे, की खुर्च्यांतील माणसांमुळे तेथे पहिले हसू आपोआप राखले जात असे.

नाचाविषयीही दोन शब्द लिहिले पाहिजेत. ‘स्क्वेअर डान्स’ म्हणजे चार जोडप्यांनी चौकोनाच्या चार बाजूंना उभे राहून करावयाचा नाच; त्यात पुढची चाल कोणती, हे नाचणाऱ्यांना आधी ठाऊक नसते, तर एक पुकारा करणारा तालावर यमकबद्ध हुकूम सोडत जातो, आणि जोडपी त्याबरहुकूम फिरतात, हात बदलतात, कमानीखालून निसटतात. पाहणाऱ्याला ती एक घोटून बसविलेली रचना वाटते. प्रत्यक्षात ते त्या क्षणीचे आज्ञापालन असते. जिवंत प्रक्षेपणाच्या स्वभावाशी याहून जुळणारी कला सापडणे कठीण.

नव्या गुणांना वाव देण्यातही फोलींचे मन मोठे होते. १९५६ च्या फेब्रुवारीत जॉर्जिया राज्यातील ऑगस्टा येथे त्यांचा दौरा असताना, तेथील एका नभोवाणी निवेदकाने आग्रह करून एका अकरा वर्षांच्या मुलीचे गाणे त्यांच्या कानावर घातले. वडील वारलेले, घरचा भार बराचसा हिच्याच गळ्यावर, अंगाने इतकी लहानखुरी की पुढे तिच्या पहिल्या ध्वनिमुद्रिकेवर कंपनीने तिचे वय नऊ वर्षे छापले तरी कोणाला शंका आली नाही. आणि आवाज मात्र एखाद्या अनुभवी स्त्रीचा. ३१ मार्च १९५६ रोजी ती राष्ट्रीय प्रक्षेपणात उभी राहिली. ब्रेंडा ली हे तिचे नाव. तिने १९५८ मध्ये ध्वनिमुद्रित केलेले नाताळचे एक गाणे अमेरिकेच्या मुख्य यादीत अग्रस्थानी पोहोचले ते २०२३ च्या डिसेंबरात, तिच्या वयाच्या ऐंशीच्या उंबरठ्यावर. १९५६ च्या त्याच मार्च महिन्यात कार्ल पर्किन्स हा तरुण निळ्या बुटांविषयीचे आपले गाणे घेऊन या रंगमंचावर आला होता; ओक्लाहोमाची वाँडा जॅक्सन ही तर येथलीच नेहमीची गायिका, आणि तीही लवकरच रॉक अँड रोल या नव्या वाऱ्यात गाऊ लागली. गावच्या अंगणात वाढलेली ही मुले दुसऱ्या वाटेने शहरात शिरत होती, आणि तरुण श्रोते त्यांच्या मागे जात होते.

आता त्या पाटीकडे वळू. दोन वर्षांच्या यशानंतर ‘ओझार्क’ हा शब्द वगळला गेला, आणि त्यानंतर वर्षभराने ‘कंट्री’ हाही. व्यापाराच्या दृष्टीने याचे समर्थन सोपे आहे : जाहिरातदाराला सारा देश हवा असतो, आणि एका मुलुखाचे नाव इतर राज्यांतील माणसाला परके वाटेल, अशी भीती असते. नंतरच्या काळात मॅसी-फर्ग्युसन ही ट्रॅक्टर बनविणारी कंपनी या कार्यक्रमाची एक पुरस्कर्ती होती. म्हणजे नाव राष्ट्राचे झाले, तरी गिऱ्हाईक शेतकरीच राहिला, हा विरोधाभास त्या जमाखर्चात दडलेला आहे. रंगमंच, माणसे आणि खुर्च्या त्याच होत्या. तरीही आपले नाव सांगावयास संकोचणारा यजमान पाहुण्याला अंमळ कचरतच आत घेतो, तशी काहीशी भावना त्या तिसऱ्या नावाभोवती दाटते.

कार्यक्रमाचा अंत दोन कारणांनी जवळ आला. १९६० मध्ये फोली यांच्यावर आयकर चुकविल्याबद्दल संघराज्याच्या न्यायालयात खटला भरण्यात आला, आणि ज्या सूत्रधाराचे सारे भांडवल सात्त्विक विश्वासार्हता हेच होते, त्याच्या कार्यक्रमाला याची झळ लागणे अटळ होते. दुसरे कारण मुष्टियुद्धाचे : जिलेट या दाढीच्या पात्यांच्या कंपनीने पुरस्कृत केलेले सामने एबीसीकडे आले, आणि त्यांना शनिवारची रात्र हवी होती. २४ सप्टेंबर १९६० रोजी ज्युबिलीचा अखेरचा खेळ झाला. पुढील वर्षी ज्यूरीने फोलींना निर्दोष ठरविले. पण तोवर रंगमंचावरचे दिवे मालवले होते. त्याच वर्षी स्प्रिंगफील्डहून एनबीसीसाठी ‘फाइव्ह स्टार ज्युबिली’ नावाचा रंगीत कार्यक्रम काही महिने चालला, परंतु तो रुजला नाही, आणि ज्युएल थिएटरची इमारतही लवकरच पाडण्यात आली. १९६७ मध्ये फोलींना कंट्री संगीताच्या सन्मानदालनात स्थान मिळाले, आणि त्यानंतर वर्षभरातच, १९६८ मध्ये, गाण्याच्या दौऱ्यावर असतानाच त्यांचे देहावसान झाले. त्या साऱ्या शनिवारांपैकी थोडेच आज पाहावयास मिळतात. दूरचित्रवाणीच्या पडद्यासमोर चित्रपटाचा कॅमेरा ठेवून त्यावरील चित्रच फिल्मवर उतरवून घ्यावयाचे, अशी ‘किनेस्कोप’ नावाची पद्धत त्या काळी होती. चित्राचे ते चित्र साहजिकच धूसर असे, आणि काम झाल्यावर ते जतन करण्याची आवश्यकता फारशी कोणाला वाटत नसे. तरीही जी रिळे वाचली, त्यांतून तो रंगमंच आज पुनः हलताबोलता दिसतो.

ज्युबिली संपल्यावर सुमारे नऊ वर्षांनी, १५ जून १९६९ रोजी सीबीएसवर ‘ही हॉ’ नावाचा कार्यक्रम अवतरला. नाव गाढवाच्या ओरडण्याचे; सूत्रधार बक ओवेन्स आणि रॉय क्लार्क हे दोन पट्टीचे कलावंत; मिनी पर्ल आणि बँजोवादक ग्रँडपा जोन्स यांसारखी जुनी मंडळीही त्यात होती. संगीत उत्तम, विनोदांची सरबत्ती अखंड. परंतु या कार्यक्रमाची घडण पाहण्यासारखी आहे. मूळ कल्पना होती कॅनडातील दोघा लेखकांची. मक्याचे शेत स्टुडिओत उभारलेले. वर्षातून दोन वेळा सारे कलावंत जमवून शेकडो लहान लहान तुकडे ध्वनिचित्रमुद्रित करावयाचे आणि मग कात्रीने त्यांचे कार्यक्रम जुळवावयाचे. समोर प्रेक्षक नाहीत. हसू वेगळ्या फितीवरून आणून चिकटविलेले. खेड्याचा देखावा पूर्वीपेक्षा अधिक रंगीत, अधिक गवताळ, अधिक भडक झाला, आणि खेडूत खुर्च्यांवरून उठून गेला. तो घरोघरी संचासमोर बसून होता, आणि त्याने या कार्यक्रमावर लोभही केला. १९७१ मध्ये शहरी तरुण प्रेक्षकांच्या शोधात सीबीएसने आपले बहुतेक ग्रामीण कार्यक्रम निकालात काढले, तेव्हा ‘ही हॉ’ ठिकठिकाणच्या केंद्रांना थेट विकला जाऊन पुढे सुमारे दोन दशके चालला, हा त्या लोभाचाच दाखला. परंतु हसावे कोठे, हे आता खुर्ची ठरवीत नव्हती, संकलकाची कात्री ठरवीत होती.

खुर्च्या मात्र नाहीशा झाल्या नव्हत्या. त्या स्प्रिंगफील्डच्या दक्षिणेस सरकल्या होत्या. ब्रॅन्सन नावाचे एक छोटे गाव त्या टेकड्यांत आहे. हॅरॉल्ड बेल राइट याच्या १९०७ सालच्या एका कादंबरीमुळे तेथे प्रवासी येऊ लागले होते. ज्युबिलीची तिसरी पाटी लागून वर्षही झाले नव्हते किंवा नुकतेच होत होते, त्या १९५९ मध्ये, मेब कुटुंबातील चौघा भावांनी ‘बॉल्डनॉबर्स’ या नावाने तेथे गाण्याबजावण्याचा आणि थट्टेचा एक घरगुती खेळ सुरू केला. १९६७ मध्ये प्रेस्ली नावाच्या दुसऱ्या कुटुंबाने गावाबाहेरील हमरस्त्यावर नाट्यगृह बांधले. त्या एका रस्त्यावर पुढे रंगगृहांची रांग लागली, आणि १९८३ मध्ये ‘ही हॉ’चा रॉय क्लार्कही तेथे स्वतःच्या नावाचे रंगगृह घेऊन आला. गावच्या माणसांपेक्षा बाहेरगावहून बसगाड्या भरून येणारे पाहुणेच आता तेथील खुर्च्यांवर अधिक दिसतात, आणि त्या गर्दीसाठी खेड्याचे सोंग थोडे गडद रंगविले जाते, हे नाकारण्यात अर्थ नाही. पण एक फरक पडला. जे शहर पूर्वी खिडकीतून डोकावत असे, त्याला आता प्रवासाची तोशीस सोसून, तिकीट काढून, आत येऊन बसावे लागते. आणि सैल कपड्यांतला विदूषक रंगमंचावर उभा राहून प्रथम त्यालाच विचारतो, की बाबा रे, तू कोठून आलास?

दूरचित्रवाणीवरील त्या उत्सवाची तिन्ही नावे आज इतिहासजमा झाली आहेत. स्प्रिंगफील्डचे ते जुने नभोवाणी केंद्र मात्र अद्याप चालू आहे, आणि त्याने आपले नाव बदललेले नाही. त्या चार अक्षरांतील शेवटचे अक्षर आजही ओझार्कचेच आहे.